कंटिन्युटीची वही

चि. सानिका हिस,
अनेक आशीर्वाद.

तुला पटकथा लिहायची होती आणि सेटवर हातात कंटिन्युटी आली, म्हणजे एका शॉटमधलं दुसऱ्याशी जुळावं म्हणून ठेवायच्या नोंदी, म्हणून तू हिरमुसली आहेस. तेव्हा आज इटालियन दिग्दर्शक फ्रान्चेस्को रोझीबद्दल लिहितो. जन्म १९२२चा, नेपल्सचा, शिक्षण कायद्याचं. सिसिलीतल्या आची त्रेत्झा या कोळ्यांच्या गावात दिग्दर्शक लुकिनो व्हिस्कोंतीनं ‘ला तेरा त्रेमा’ हा चित्रपट (१९४८) केला, तेव्हा रोझी आणि फ्रांको झेफिरेल्ली त्याचे सहायक होते. कंटिन्युटीच्या नोंदी रोझीकडे.

त्या चित्रपटात सगळे गावचेच कोळी, एकही नट नाही. संवाद आधीपासून लिहून ठेवलेले नव्हते. प्रसंग समजावून सांगायचा, आपल्या बोलीत ते कोळी काय बोलतील हे ऐकायचं आणि त्यातून वाक्य ठरवायचं. आवाजही जागेवरच घेतलेला. अशा कामात ओके टेकमध्ये, म्हणजे दिग्दर्शकानं पसंत केलेल्या टेकमध्ये, नेमकं काय बोललं गेलं, हे टिपणारा माणूस निम्मा लेखकच असतो.

तुझ्या वहीत सीन, शॉट, टेक, लेन्स, कॅमेऱ्याची उंची आणि अंतर हे असणारच. त्याहून महत्त्वाचं म्हणजे कृती कुठल्या शब्दावर झाली ते. वाइडमध्ये (लांबून घेतलेल्या शॉटमध्ये) ‘उद्या’ म्हणताना पेला खाली ठेवला आणि क्लोजमध्ये (जवळून घेतलेल्या शॉटमध्ये) वाक्य संपल्यावर ठेवला, तर संकलकाला तिथे कट मिळत नाही. मग नटाचा चांगला टेक सोडून दुसरा घ्यावा लागतो. मोबाइलच्या फोटोत पेला दिसतो, शब्द दिसत नाही. म्हणून संवादाच्या ओळीतच त्या शब्दाखाली रेघ मार आणि ‘पेला, डावा हात’ असं लिही. लूक, म्हणजे नटाची नजर, डावा की उजवा, हे प्रत्येक क्लोजला नोंदव. ते चुकलं की समोरासमोर बसलेली दोन माणसं एकाच दिशेला बघताना दिसतात, आणि हे कळतं ते सेट मोडल्यावर.

फिल्मच्या काळी ३५ मिमीचं हजार फुटी रीळ जेमतेम ११ मिनिटं चालायचं, म्हणून टेक जपून घेत. आता डिजिटल कॅमेऱ्याच्या मेमरी कार्डावर टेकवर टेक होतात. त्यामुळे नुसतं ‘ओके’ पुरत नाही. ‘टेक ३: शेवट उत्तम, सुरुवातीला विमानाचा आवाज’ इतकं तरी हवंच.

व्हिस्कोंतीच्याच ‘सेन्सो’च्या वेळीही रोझी सहायक होता. त्या चित्रपटाचं काम चालू असतानाच, १९५३मध्ये, छायालेखक आल्दो मोटार अपघातात गेला. पुढचं काम रॉबर्ट क्रास्कर आणि ज्युझेप्पे रोतुन्नो यांनी केलं. अर्ध्यावर नवा माणूस येतो तेव्हा आधीचा उजेड कुठून होता, लेन्स कुठली होती, हे तो वहीलाच विचारतो.

सहायकी चालू असताना रोझीचं लिहिणंही चालू होतं. ‘बेलिस्सिमा’च्या (१९५१) पटकथेत सूझो चेक्की दामीको आणि व्हिस्कोंती यांच्यासोबत त्याचं नाव आहे, लुईजी झाम्पाच्या ‘प्रोचेस्सो आल्ला चित्ता’च्या (१९५२) कथेतही आहे. स्वतःचा पहिला चित्रपट ‘ला स्फीदा’ आला १९५८ साली, म्हणजे आची त्रेत्झानंतर दहा वर्षांनी. मला ही दहा वर्षं वाया गेलेली मुळीच वाटत नाहीत. त्याच्या ‘साल्वातोरे ज्युलियानो’ची (१९६२) सुरुवात बघ: अंगणात पालथं पडलेलं प्रेत, आणि एक अधिकारी त्याची स्थिती, कपडे, जवळच्या वस्तू एकेक करून लिहून घ्यायला सांगतोय. रडारड नाही, भाष्य नाही. असा प्रसंग नोंदी करून तयार झालेल्या नजरेलाच सुचतो, असं मला पक्कं वाटतं.

पॅक-अपनंतर एक काम रोज कर. पटकथेतली ओळ डावीकडे आणि नट प्रत्यक्षात बोलला ती उजवीकडे, अशी उतरवून काढ. जिथे त्यानं शब्द गाळला तिथे का गाळला ते लिही: जीभ अडखळली, श्वास पुरला नाही, की ते त्याच्या हालचालीतून आधीच कळलं होतं. तिसऱ्या कारणाच्या ओळी वेगळ्या काढ आणि तुझ्या स्वतःच्या खर्ड्यात तशा किती आहेत ते तपास. सुट्टीला येशील तेव्हा खर्डा आणि वही दोन्ही घेऊन ये, एकत्र बसून बघू.

तुझे,
बाबा