याचिका ‘मागे घेतली’ आणि ‘फेटाळली’ यांत फरक आहे

महोदय,

जमीन व्यवहारातील आरोपींची याचिका उच्च न्यायालयाने ‘फेटाळली’, असा ठळक मथळा आपण कालच्या अंकात दिला आहे. त्याच बातमीच्या शेवटी मात्र याचिका वकिलांनी मागे घेतली आणि खटल्यात बचावाचे सर्व मुद्दे मांडण्याची मुभा न्यायालयाने दिली, असे छापले आहे. शेवटचे वाक्य खरे असेल तर मथळा खोटा ठरतो.

माझ्या थोरल्या भावावर सामाईक बागेच्या संमतीपत्रावर चुलत भावाची खोटी सही केल्याचा गुन्हा दाखल झाला होता. तो रद्द व्हावा म्हणून तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ खाली आम्ही मुंबईत याचिका केली. सही खरी की खोटी हे पुराव्याशिवाय ठरणार नाही आणि या टप्प्यावर पुरावा तोलता येणार नाही, असे खंडपीठाने सुनावणीत स्पष्टपणे सूचित केले. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९० च्या भजनलाल निकालाने गुन्हा रद्द करण्याच्या अधिकाराला मर्यादा घातलेल्या असल्याने त्यात नवल नव्हते. सविस्तर आदेशात सहीविषयी एखादी प्रतिकूल ओळ आली असती तर ती खालच्या कोर्टात दर तारखेला पुढे केली गेली असती, म्हणून आमच्या वकिलांनी तिथेच याचिका मागे घेतली. आदेश अगदी छोटा होता: याचिका मागे घेतल्याने निकाली, गुणदोषांवर मत नाही, सर्व मुद्दे खुले.

एका वर्तमानपत्राने मात्र ‘फेटाळली’ असे छापले आणि त्या वर्षी गणपतीला गावी आलेले चाकरमानी ते कात्रण मोबाइलमध्ये घेऊनच आले. आमच्या घरच्या आरतीला भावकीतले कोणी फिरकले नाही. पुढे खटल्यात हस्ताक्षरतज्ज्ञाची उलटतपासणी झाली आणि भाऊ निर्दोष सुटला. खुल्या ठेवलेल्या मुद्द्यांचे मोल तेव्हा कळले. त्या सुटकेची मात्र एक ओळही कोणी छापली नाही, याचा राग अजून गेलेला नाही.

आता फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २६२ नुसार दोषमुक्तीचा, म्हणजे खटला चालण्याआधीच आरोपातून वगळण्याचा, अर्ज कागदपत्रांच्या प्रती मिळाल्यापासून ६० दिवसांत करावा लागतो. उच्च न्यायालयात तारखा पडत असताना ही मुदत निघून जाऊ शकते, त्यामुळे याचिका वेळीच मागे घेऊन खालच्या कोर्टात दाद मागण्यात शहाणपण असू शकते. आपल्या मथळ्याने तो आरोपींचा पराभव ठरवला.

उच्च न्यायालयाचे आदेश संकेतस्थळावर कोणालाही वाचता येतात. आपल्या प्रतिनिधीने तो आदेश वाचावा आणि आपण त्याच पानावर, तितक्याच ठळकपणे दुरुस्ती छापावी, अशी मागणी आहे.

– एक वाचक, देवरुख (जि. रत्नागिरी)