कच्च्या दुधाचे कौतुक

महोदय,

आमच्या सोसायटीत हल्ली काचेच्या बाटलीतून गोठ्यावरचे ‘न तापवलेले’ दूध येते. पिशवीतल्या दुधाचे सत्त्व पाश्चरायझेशनने जळते, असे विकणारा छातीठोक सांगतो. प्रत्यक्षात दूध ७२ अंश सेल्सिअसला जेमतेम १५ सेकंद तापवून लगेच थंड करतात. क्षयाचे, ब्रुसेलोसिसचे (जनावरांकडून माणसाला होणाऱ्या तापाच्या आजाराचे) जंतू मरतात. प्रथिने, कॅल्शियम जवळजवळ तसेच राहते. घटते ते थोडे ब१ आणि क जीवनसत्त्व. पण ‘क’साठी दूध पितो कोण? साय धरायला आपण तेच पातेले दोनदा उकळतो, ते चालते!

माझी तक्रार वेगळीच आहे. दुकान उघडेपर्यंत फुटपाथवर क्रेटमध्ये तापत पडलेल्या पिशव्या. पाश्चरायझेशनमध्ये सगळे जंतू मरत नाहीत. उरलेले उन्हात वाढतात. त्या पिशव्या थंड ठेवायला कोणी सांगेल का?

– एक वाचक, पुणे