पागोळ्यांचे पाणी कुठे जाते ते आधी पाहा : ब्रिटनच्या सांस्कृतिक मंत्र्यांना खुले पत्र

माननीय मंत्रिमहोदय,
सांस्कृतिक, माध्यम व क्रीडा खाते, लंडन

स. न. वि. वि.

हे पत्र इंग्रजीत आपल्या कार्यालयाकडे पाठवत आहोत आणि मराठीत इथे सर्वांसमोर ठेवत आहोत. मराठी वाचकांसाठी काही गोष्टी उलगडून सांगितल्या आहेत, त्या आपल्याला ठाऊक असतीलच. विषय आहे नैर्ऋत्य इंग्लंडमधल्या डेव्हन परगण्यातल्या खेडोपाडीच्या संरक्षित शेतघरांचा, गोठ्यांचा आणि खळ्याच्या कोठारांचा. या इमारती वादळाने किंवा आगीने क्वचितच जातात. वेळेवर न झालेल्या छोट्या दुरुस्तीने जातात. आणि आजचा कर, परवानगी व अनुदान या तिन्ही गोष्टी नेमकी तीच छोटी दुरुस्ती अडवून धरतात, हे आमचे गाऱ्हाणे आहे.

डार्टमूरच्या पठारावरचे वाइडकम-इन-द-मूर हे पॅरिश घ्या. पॅरिश म्हणजे साधारण आपल्याकडच्या ग्रामपंचायतीसारखा सर्वांत खालचा घटक. या पॅरिशमधल्या पाउंड्सगेट वाडीजवळ हायर अपाकॉट हे मध्ययुगीन लाँगहाउस उभे आहे. ते पहिल्या, म्हणजे सर्वांत वरच्या श्रेणीचे संरक्षित घर असून डार्टमूर राष्ट्रीय उद्यानाच्या प्राधिकरणाने ते विकत घेऊन जतन केले. लाँगहाउस म्हणजे एका आढ्याखाली माणसे आणि गुरे. उताराच्या वरच्या अंगाला चूल, खालच्या अंगाला गोठा आणि मधून आरपार जाणारा बोळ. गोठ्याच्या मधोमध दगडी नाली, ती खालच्या भिंतीतल्या भोकातून बाहेर पडते. घाटमाथ्यावरच्या जुन्या घरांत गुरे आतच बांधलेली पाहिलेल्या माणसाला ही रचना सांगावी लागत नाही. हायर अपाकॉटला सांभाळणारे हात आहेत. आमची काळजी आहे ती ज्यांना असे हात नाहीत त्यांची, म्हणजे दुसऱ्या श्रेणीतली शेतघरे, ग्रॅनाइटचे गोठे, खाली गुरे आणि वर वैरण असे उघड्या तोंडाचे लिनी, आणि समोरासमोर दोन मोठी दारे असलेली मळणीची कोठारे. त्या दोन दारांमधून वारा खेळे आणि मधल्या फरशीवर धान्य उफणले जाई. आजचा ट्रॅक्टर त्या दारातून आत जात नाही, म्हणून कोठार रिकामे पडते. रिकाम्या कोठाराच्या छपराकडे कोण पाहणार?

इथे पाण्याचा हिशेब मांडतो. १०० चौरस मीटर छपरावर १ मिलिमीटर पाऊस पडला तर १०० लिटर पाणी होते. वर्षाला १,००० मिलिमीटर धरला तरी १ लाख लिटर झाले, आणि डार्टमूरवर पाऊस त्याहून बराच जास्त पडतो. शाकारलेल्या छपराला पन्हळ नसते. तिथे पुढे आलेली वळचणच पागोळ्यांना भिंतीपासून दूर टाकते. पत्र्याच्या किंवा स्लेटच्या छपराला पन्हळ लागते, आणि पानांनी तुंबलेली एक पन्हळ वर्षभरात भिंतीच्या एकाच कोपऱ्यात हजारो लिटर पाणी ओतते.

पठाराखालच्या डेव्हनमध्ये भिंती कॉबच्या असतात. कॉब म्हणजे चिकण पोटमाती, खडी, पेंढा आणि पाणी तुडवून केलेला चिखल. दगडी जोत्यावर साधारण दोन फुटांचा थर रचायचा, तो वाळू द्यायचा, मग पुढचा. तयार भिंतीची जाडी दोन फूट किंवा त्याहून जास्त. डेव्हनमध्ये म्हणतात की कॉबला डोक्यावर चांगली टोपी आणि पायात चांगले बूट असले की पुरे. घात झाला तो विसाव्या शतकात सिमेंटच्या गिलाव्याने. सिमेंटला बारीक केसासारखी चीर पडते, तिच्यातून पाणी आत शिरते, पण सिमेंट श्वास घेत नाही म्हणून बाहेर पडत नाही. ते भिंतीतून खाली उतरते आणि जोत्याच्या वर साठते. बाहेरून भिंत ठणठणीत दिसते. बोटांच्या पेरांनी ठोकून पाहिले तर जोत्याच्या वर दोन-तीन वितींपर्यंत पोकळ आवाज येतो. आतला कॉब तोवर परत चिखल झालेला असतो, त्यात उंदीर बिळे करतात, आणि एखाद्या ओल्या हिवाळ्यात ती बाजू काही तासांत बसते. पडल्यावर सगळे म्हणतात मातीचे घर होते, पडणारच. तीच माती चार-चारशे वर्षे उभी होती!

दुरुस्ती अवघड नाही, पण तिला क्रम आहे. आधी पाणी थांबवायचे : छप्पर, वळचण, पन्हळ, आणि बाहेर चढलेली जमीन जोत्याखाली उतरवणे. मग सिमेंट थोडे थोडे काढायचे, एकदम नाही; कारण कधी कधी त्या कवचानेच भिंत तोलून धरलेली असते. भिंत सावकाश वाळू द्यायची. पोकळीत ओला कॉब भरला तर तो आकसून सुटतो, म्हणून आधी वाळवलेल्या कॉबच्या विटा मातीच्या लगद्यात बसवायच्या. वर चुन्याचा गिलावा, दर थर १० मिलिमीटरच्या आसपास, आणि त्यावर चुन्याच्या पातळ सफेदीचे चार-पाच हात. ग्रॅनाइटच्या दर्जा (दगडांमधल्या सांधी) भरताना जुने सिमेंट हाताने निदान २५ मिलिमीटर खोल खरवडायचे, ग्राइंडर लावायचा नाही, कारण दगडाची कड गेली की गेली. माल साधारण एक भाग नैसर्गिक जलीय (पाण्यातही घट्ट होणारा) चुना आणि अडीच ते तीन भाग खरखरीत वाळू. नंतर ओले गोणपाट लावून काही दिवस जपायचे. तापमान ५ अंशांखाली गेले की काम बंद. म्हणजे चुन्याचा हंगाम एप्रिल ते सप्टेंबर, फार तर ऑक्टोबरचे पहिले दिवस.

आता याच्यावर कर पाहा. दुरुस्तीवर व्हॅट २० टक्के. नवे घर बांधले तर शून्य. संरक्षित घरांतल्या मंजूर बदलांना जी शून्य-कराची सवलत होती ती १ ऑक्टोबर २०१२ पासून काढून घेतली. याउलट राहत्या घरात ऊर्जा वाचवणारे साहित्य बसवले तर ३१ मार्च २०२७ पर्यंत व्हॅट शून्य आहे. मग घरमालक काय करतो? चुन्याच्या गिलाव्यावर २० टक्के भरण्याऐवजी दगडी भिंतीला आतून फोमचे तक्ते लावतो, त्यावर कर नाही. तक्त्यामागे गार भिंतीवर दव धरते आणि तुळयांची भिंतीत गेलेली टोके कुजतात. शेतीच्या वापरातल्या गोठ्याचा व्हॅट नोंदणी असलेल्या शेतकऱ्याला परत मागता येतो, राहत्या भागाचा बहुतेक खिशातूनच जातो, आणि लाँगहाउसमध्ये तर दोन्ही एकाच छपराखाली! संरक्षित इमारतींच्या दुरुस्तीला ५ टक्क्यांचा दर लावा. तिजोरी आपल्या खात्याकडे नाही हे ठाऊक आहे, पण मंत्रिमंडळात ही बाजू मांडणारे खाते आपलेच आहे. सवलतीची मुदत २०२७च्या मार्चअखेर संपते, त्याआधीच ही मागणी पुढे ठेवा.

परवानगीबद्दल. संरक्षित इमारतींच्या १९९०च्या कायद्याने विनापरवाना काम हा फौजदारी गुन्हा आहे, आणि तो असायलाच हवा. त्याच धाकाने कितीतरी तुळया वाचल्या. मूळच्याच साहित्याने, मूळच्याच पद्धतीने केलेल्या दुरुस्तीला बहुधा परवानगी लागत नाही. पण हे ‘बहुधा’ मालकाला झोप लागू देत नाही. मुख्य घराच्या आवारात १ जुलै १९४८ पूर्वीपासून उभी असलेली प्रत्येक वास्तू संरक्षणाखाली येते. मग गोठ्याच्या पन्हळीला हात लावावा की नको? विचारायला घाबरून माणूस काहीच करत नाही. २०१३च्या सुधारणेने सरकारला ठराविक कामांना सरसकट संमती देणारा आदेश काढता येतो. गृहनिर्माण व नियोजन खात्याला सोबत घेऊन शेतइमारतींसाठी तो काढा : चुन्याने दर्जा भरणे, सफेदी, तुटकी स्लेट त्याच जातीच्या स्लेटने बदलणे, पन्हळ, आढ्याची शाकारणी, आणि तात्पुरते आच्छादन. आदेशात मालाचे प्रमाण आणि निषिद्ध साहित्य स्पष्ट लिहा.

शाकारणीबद्दल एक सांगायलाच हवे. डेव्हनमधल्या काही छपरांत सर्वांत आतला पेंढा काजळलेला आहे. धुराडे येण्याआधीच्या उघड्या चुलीच्या धुराने काळा झालेला तो मध्ययुगातला गहू, राय आणि शेतातले तण, ओंब्यांसकट, आजही हाताला लागते. म्हणून जुना थर मुळापासून उपटायचा नाही, वरचा कुजलेला तेवढा काढून नवा थर त्यावर चढवायचा. त्यासाठी लांब काडाचा गहू लागतो. आजचा बुटका गहू चालत नाही आणि कंबाइन काड चिरडते, म्हणून बाइंडरने कापून पेंढ्या उभ्या करून वाळवाव्या लागतात. ओल्या उन्हाळ्यात हे पीकच हातचे जाते. हा गहू पिकवणाऱ्या शेतकऱ्याला आधार मिळाला तर छपरे आपोआप वाचतील.

पत्र्याबद्दल आमचे मत अनेक सहकाऱ्यांना रुचणार नाही. कोठारावरचा गंजका पन्हळी पत्रा कुरूप वाटतो, पण अनेक ठिकाणी त्यानेच भिंती आजवर कोरड्या ठेवल्या. पैसे जमेपर्यंत पत्रा टाकू द्या.

वटवाघळे आणि गव्हाणी घुबडे ही या इमारतींची कायद्याने संरक्षित बिऱ्हाडे आहेत, आणि आम्हाला ती हवीच आहेत. अडचण तारखांची आहे. वटवाघळांची संध्याकाळची पाहणी मे ते सप्टेंबरमध्येच होते, त्यानंतर परवाना, आणि तो हातात पडेपर्यंत चुन्याचा हंगाम सरलेला असतो. दुरुस्ती पुढच्या वर्षावर जाते. मधल्या हिवाळ्यात छपरातले भोक दुप्पट होते. किरकोळ, एका हंगामातल्या कामांसाठी पाहणी आणि परवाना एकाच अर्जात घेता यावा.

शेती खात्याचे एक अनुदान पावसापासून सुरक्षित असलेल्या पारंपरिक शेतइमारतींच्या देखभालीला मिळते. छप्पर गळायला लागले की इमारत त्यातून बाद. ज्याला औषध हवे त्यालाच दवाखान्याचे दार बंद, असे झाले. छपरे कोरडी करण्यासाठी, काम सुरू होण्याआधी हातात पडेल अशी छोटी रक्कम वेगळी काढा.

आणि मोजणी करा. धोक्यातल्या वारशाच्या राष्ट्रीय नोंदवहीत लंडनबाहेरच्या दुसऱ्या श्रेणीच्या इमारती, प्रार्थनास्थळे सोडली तर, घेतल्याच जात नाहीत. देशातल्या संरक्षित इमारतींपैकी नव्वद टक्क्यांहून जास्त याच श्रेणीत आहेत आणि बहुतेक शेतइमारतीही तिथेच. सुरुवात डेव्हनपासून पॅरिशवार करा. प्रत्येक इमारतीमागे पाचच प्रश्न पुरेत : छप्पर सलग आहे का, पन्हळ वाहते का, जोते उघडे आहे का, गिलावा चुन्याचा की सिमेंटचा, आणि आत कोणाचा वावर आहे का. पावसाच्या दिवशी गेलात तर पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे दारातच मिळतील.

सरसकट संमतीचा आदेश या वर्षी निघायचा असेल तर मार्चअखेर काढा. एप्रिलमध्ये आम्ही चुना भिजवायला घेतो.

आपले विश्वासू,
जुन्या शेतइमारतींच्या दुरुस्तीत काम करणारे काही मराठी वास्तुविशारद, सर्व्हेअर व गवंडी, डेव्हन