नॉमिनी चार झाले, मालक कोण?

संपादक महोदय,

बँकेतील ठेवीला चार नॉमिनी नेमण्याची सोय १ नोव्हेंबर २०२५ पासून झाली. कोणाला किती टक्के, हेही लिहिता येते. सोय चांगली, पण टक्के लिहिले म्हणजे वाटणी झाली, असा समज आता घरोघरी होणार आणि भांडणे कोर्टात जाणार. नॉमिनी पैसे स्वीकारतो, हक्क वारसांचा असतो. बँकठेवींबाबत सर्वोच्च न्यायालयाने हे २०१० मध्ये सांगितले, शेअर आणि म्युच्युअल फंडांबाबत डिसेंबर २०२३ मध्ये. (विम्यात २०१५ च्या दुरुस्तीनंतर आई-वडील, पती-पत्नी, मुले यांना नेमले असेल तर नियम वेगळा.)

बँकेत क्लेमच्या टेबलावर मी बरीच वर्षे काढली. नेहमीचा प्रकार असा: कर्ता मुलगा गेला, नॉमिनी बायको. ती मृत्यूचा दाखला देते, एफडीची रक्कम घेऊन जाते. मग मुलाची आई धाकट्या मुलाचा हात धरून येते, "साहेब, माझं काहीच नाही का हो?" आहे ना! मृत्युपत्र नसेल तर हिंदू वारसा कायद्याने आई पहिल्या वर्गातली वारस. सुनेइतकाच आणि प्रत्येक नातवंडाइतकाच एक हिस्सा तिचा. सोबत आलेल्या धाकट्याला मात्र काही नाही, इतकेच काय, मुलाच्या बापालाही नाही. हे ऐकल्यावर काउंटरसमोरचे चेहरे बघण्यासारखे होतात.

तक्रार असेल तर वेळही पाळावी लागते. लोक शाखेत वकिलाची नोटीस देऊन निर्धास्त होतात. बँकिंग कायद्याप्रमाणे अशा नोटिशीने बँक बांधली जात नाही. पैसे दिले जाण्याआधी कोर्टाचा आदेश आणावा लागतो. नॉमिनीला पैसे दिले की बँक सुटली, पुढे वारसांनी नॉमिनीवर दावा लावावा. नॉमिनीच नसेल आणि वारसांत वाद असेल, तर तलाठ्याकडची वारसनोंद घेऊन हेलपाटे घालण्यात अर्थ नाही, दिवाणी न्यायालयातून १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार कायद्याखालचे सक्सेशन सर्टिफिकेटच (मयताचे पैसे घेण्याचा अधिकार देणारा दाखला) आणावे लागते. त्यातही प्रश्न गुंतागुंतीचा निघाला तर न्यायाधीश सगळा कीस काढत बसत नाहीत. प्रथमदर्शनी ज्याचा हक्क सरस त्याला जामीन घेऊन दाखला देतात. हिश्शांचा वाद त्यानंतरही दाव्यातून लढता येतो. म्हणजे वर्षे गेली आणि ठेवीचे व्याज वकिलाला गेले.

त्यापेक्षा सगळ्या वारसांनी विधी सेवा प्राधिकरणाकडे जाऊन लोकअदालतीत तडजोड करावी. तिथला निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपीलही नाही.

रिझर्व्ह बँकेला विनंती एवढीच की, नॉमिनेशनच्या अर्जावर सहीच्या जागेच्या अगदी वर, मराठीत आणि ठळक अक्षरांत छापावे : 'नॉमिनी रक्कम स्वीकारेल, हिस्से मृत्युपत्राने किंवा वारसा कायद्याने ठरतील.' आज अर्जावर फुली मारलेली जागा दाखवून सही घेतात, तेव्हा वरचे कोणी वाचत नाही.

– एक निवृत्त बँक कर्मचारी, सांगली