दुधाचे दात आणि विहिरीचं पाणी

दांडिया बाजार, बडोदे

चि. मृणाल,
अनेक आशीर्वाद.

तुझा फोन आल्यापासून आई माझ्याशी जेवढ्यास तेवढं बोलते. पीएच.डी. अर्धवट टाकून गावोगावच्या विहिरींचं पाणी तपासत फिरणार म्हणालीस आणि मी नुसतं ‘बघू’ म्हणालो, हा माझा गुन्हा.

तुझा पहिला दात पडला तेव्हा आजीने तो शेणाच्या गोळ्यात घालून कौलांवर फेकला होता. उंदीरमामाला! अमेरिकेत सेंट लुईसला असेच दुधाचे दात पोरांकडून मागून घेतले होते, जवळजवळ तीन लाख. बॅरी कॉमनर हा तिथला पेशींवर काम करणारा जीवशास्त्रज्ञ. अणुचाचण्यांची धूळ गवतावर पडते, गाय ते गवत खाते, दूध मुलं पितात. त्यातलं किरणोत्सारी स्ट्रॉन्शियम-९० शरीराला कॅल्शियमसारखंच वाटतं (आवर्तसारणीत दोघं एकाच उभ्या रांगेत, तुला काय सांगू), म्हणून ते हाडादातांत जाऊन बसतं. १९५८ साली त्याने आणि गावातल्या लोकांनी समिती काढली, डॉ. लुईझ रीस यांनी दात गोळा करण्याचं काम उभं केलं. दात देणाऱ्या पोराला छातीवर लावायला बिल्ला मिळे: ‘मी माझा दात विज्ञानाला दिला’. दातांतलं स्ट्रॉन्शियम वाढत चाललंय हे मोजून दाखवलं, मग आयांना कुणी वेगळं भडकवायची गरज उरली नाही. १९६३ साली हवेतल्या चाचण्या थांबवण्याचा करार झाला. दातांमुळेच झाला असं मी म्हणणार नाही, पण दातांचा वाटा होता.

पुढे १९८०मध्ये कॉमनर राष्ट्राध्यक्षपदालाही उभा राहिला. एक टक्कासुद्धा मतं पडली नाहीत. ते सोड. विद्यापीठातलं काम मात्र त्याने टाकलं नव्हतं, आणि माझं घोडं तिथेच अडलंय.

आता जे कधी बोललो नाही ते लिहितो. कंपनीत असताना मागच्या ओहोळाचा रंग मी रोज बघायचो. एकदा नमुना तपासला, आकडा वाईट आला. रजिस्टरात साहेबांनी सांगितलेला लिहिला. तू दुसरीत होतीस, घराचे हप्ते चालू होते. त्या ओहोळाकाठच्या लोकांकडे ओरडायला तोंड होतं, आकडा नव्हता. तो माझ्या खिशात होता.

म्हणून प्रबंध पुरा कर. विहिरी शनिवार-रविवारी. धातू बघायचे तर काचेच्या बाटल्या नकोत, प्लास्टिकच्या, नायट्रिक आम्लाने धुतलेल्या. आणि कारखान्याच्या वरच्या अंगाच्या विहिरीचंही पाणी तुलनेला घे, नाहीतर पहिल्याच बैठकीत तुला गप्प बसवतील.

चाळीस बाटल्या धुऊन गच्चीवर उपड्या घातल्या आहेत. आईने विचारलं, लोणचं घालायचंय का? तिला तूच सांग.

तुझा,
बाबा