चिकटवलेली पानं

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कालच्या पुरवणीतला अमेरिकेतल्या अंडरग्राउंड कॉमिक्सवरचा (मोठ्या प्रकाशकांना बाजूला ठेवून चित्रकारांनी स्वतःच काढलेल्या चित्रकथांवरचा) लेख दोनदा वाचला, कारण पहिल्यांदा वाटलं माझ्याच नजरेतून सुटलं असेल. नाही सुटलं. चित्रकथाकार ट्रिना रॉबिन्सचं नाव अख्ख्या पानावर कुठेच नाही! चित्रकार रॉबर्ट क्रम्ब आहे, त्याचं 1968 चं 'झॅप' कॉमिक आहे, सॅन फ्रान्सिस्कोत बाबागाडीतून अंक विकले तो किस्सा आहे, 1954 च्या कॉमिक्स कोडला (कॉमिक्समध्ये काय चालेल, काय नाही याच्या नियमांना) वैतागलेली पोरं आहेत. लेखकाने मेहनत घेतलीय हे मान्य, पण बायका कुठे गेल्या?

त्या पोरांच्या अंकांत बायकांवरची जबरदस्ती हा हसायचा विषय असायचा, आणि कुणी बोललीच तर तुला विनोद कळत नाही म्हणून गप्प करायचे. म्हणून तर 1970 मध्ये रॉबिन्सने बाकीच्या जणींना जमवून फक्त बायकांनी काढलेलं पहिलं कॉमिक बुक आणलं. मग 1972 ला 'विमेन्स कॉमिक्स' सुरू झालं (इंग्रजी स्पेलिंग नेहमीचं न ठेवता मुद्दाम बदललेलं), 1992 पर्यंत 17 अंक निघाले, आणि संपादक आळीपाळीने बदलायच्या म्हणजे कुणा एकीचीच चालायला नको. पहिल्याच अंकात एका शाळकरी वयाच्या मुलीच्या गर्भपाताची गोष्ट आहे, आणि तेव्हा गर्भपाताचा हक्क देणारा तिकडच्या सुप्रीम कोर्टाचा निकाल यायचा होता, तो आला 1973 ला.

मला हे इतकं का लागलं ते सांगते. या सगळ्या अंकांचा दोन खंडांचा संग्रह 2016 मध्ये निघाला, माझ्या भाचीने तो स्वतःचे कपडे कमी करून बॅगेतून आणला. एका कॉलेजने प्रदर्शनासाठी मागितला म्हणून मी विश्वासाने दिला. आठ दिवसांनी परत आला तर नेमकी तीच गोष्ट डिंकाने चिकटवलेली, पान न पान! विचारलं तर म्हणे मुलं बघतील. मुलं म्हणजे वीस वर्षांची हो! मी किटलीच्या वाफेवर धरून, स्टीलची पट्टी आत सरकवून एकेक पान सोडवायला बसले, तरी एका चौकटीतला त्या मुलीचा चेहरा सुटून समोरच्या पानावर गेला तो गेलाच. सॉरीसुद्धा कुणी म्हटलं नाही.

आणि आता तुमच्या लेखातही त्या नाहीत.

अजून एक, लेखाबरोबर छापलेली चित्रं इतकी बारीक की फुग्यातला मजकूर भिंग घेऊनही वाचता येईना. कॉमिक्सवर लिहायचं आणि वाचायलाच येऊ नये असं छापायचं, याला काय अर्थ? चित्रांना जागा द्या, जाहिरात थोडी खाली ढकला.

पुढच्या रविवारी रॉबिन्स आणि तिच्या मैत्रिणींवर निदान अर्धं पान तरी द्या ही विनंती. लेखकाला संग्रह बघायचा असेल तर खुशाल घरी यावं, चहा करीन. बाहेर मात्र आता देणार नाही.

आपली,
एक नियमित वाचक, सातारा