खेळाचा तास खेळांच्या कुळांनुसार घ्यावा

मा. संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

तालुकास्तरीय क्रीडास्पर्धांचे दिवस जवळ आले की गावोगावच्या शाळांत एकच गडबड सुरू होते. कबड्डीचा आणि खो-खोचा संघ निवडला जातो, त्या वीस-पंचवीस मुलामुलींचा सराव घेतला जातो आणि उरलेली मुले मैदानाच्या कडेला बसून टाळ्या वाजवतात. स्पर्धा आटोपल्या की खेळाचा तास पुन्हा गणिताच्या उजळणीकडे जातो. मी यवतमाळ जिल्ह्यातील दारव्हा तालुक्यात एका उच्च प्राथमिक शाळेत भाषा शिकवतो आणि खेळाचा तासही माझ्याकडेच आहे, मात्र मी प्रशिक्षित क्रीडाशिक्षक नाही. आमच्या भागातील बहुतेक लहान शाळांची हीच स्थिती आहे. शिक्षण हक्क कायदा, २००९ च्या परिशिष्टात सहावी ते आठवीच्या वर्गांसाठी आरोग्य व शारीरिक शिक्षणाच्या अंशकालीन निदेशकाची तरतूद आहे, पण ती पटसंख्या शंभराच्या वर असलेल्या शाळांपुरती आहे. साठ-सत्तर पटाच्या गावात हा तास वर्गशिक्षकालाच घ्यावा लागतो, म्हणून तो कसा घ्यावा याविषयी लिहीत आहे.

अनेक वर्षे मी हा तास मला शिकवला गेला तसाच घेतला. मुलांना रांगेत उभे करायचे, चेंडू एकेकाच्या हाती द्यायचा, फेक कशी करायची, झेल कसा घ्यायचा हे दाखवायचे आणि शेवटची दहा मिनिटे उरली तर खेळू द्यायचे. चाळीस मुलांत एक चेंडू असला की एका मुलाच्या वाट्याला तासाभरात तो दोन-तीनदाच येतो. त्यातही जी मुले मुळातच चपळ आहेत ती पुढे जातात आणि इतरांच्या मनात आपल्याला खेळ जमत नाही ही गाठ कायमची बसते.

इंग्लंडमधील लफबरो विद्यापीठातील डेव्हिड बंकर आणि रॉड थॉर्प या दोन प्राध्यापकांनी हीच अडचण ओळखून १९८२ साली एक वेगळी पद्धत मांडली. तंत्र घोटून घेण्यावर सगळा भर दिल्यामुळे बहुसंख्य मुलांच्या पदरी अपयश येते, आणि ज्यांना तंत्र येते त्यांनाही ऐन खेळात काय करावे हे कळत नाही, असे त्यांचे निरीक्षण होते. त्यांनी क्रम उलटा केला. आधी मुलांच्या वयाला झेपेल असा छोटा केलेला खेळ द्यायचा, त्यात येणारा पेच मुलांना उमजू द्यायचा, काय करायचे हे त्यांना ठरवू द्यायचे आणि अमुक एक कौशल्य आले पाहिजे अशी गरज वाटली की ते शिकवायचे. त्यांचे सहकारी लेन आल्मंड यांनी पुढे खेळांची चार गटांत विभागणी मांडली. फुटबॉल, हॉकी, हँडबॉल हे आक्रमणाचे खेळ. व्हॉलीबॉल, बॅडमिंटन हे जाळी व भिंतीचे. क्रिकेटसारखे टोला व क्षेत्ररक्षणाचे. आणि गोल्फसारखे नेम धरण्याचे. एका गटातील खेळांचे नियम आणि साहित्य वेगळे असले, तरी त्यांतला पेच एकच असतो. त्यामुळे एका खेळात आलेली समज त्याच कुळातल्या दुसऱ्या खेळात कामी येते.

हे वाचल्यावर मी वर्गात करून पाहिले. आमच्याकडे व्हॉलीबॉलची जाळी नाही. शाळेच्या आवारातल्या कडुनिंबाच्या खोडापासून खिडकीच्या गजापर्यंत एक दोरी बांधली, चुन्याने चार-चार पावलांचे दोन चौकोन आखले आणि दोन्हीकडे दोन-दोन मुले उभी केली. चेंडू दोरीवरून पलीकडे टाकायचा, पलीकडच्याने तो जमिनीवर पडण्याआधी झेलून तिथूनच परत टाकायचा, एवढाच नियम. अशा चार दोऱ्या लावल्या तर सोळा मुले एकाच वेळी खेळतात, आणि चेंडू जुन्या कापडाचे असले तरी चालते. पाच मिनिटांनी मी खेळ थांबवला आणि विचारले की चेंडू कुठे टाकला तर गुण मिळतो. सहावीतली एक मुलगी, जी खो-खोच्या निवडीला कधी उभीही राहिली नव्हती, चटकन म्हणाली, “सर, तो पुढं आला का मांगं टाकाचा, मांगं गेला का पुढं.” जाळीच्या साऱ्या खेळांचे मर्म तिने एका वाक्यात सांगितले होते. पुढच्या आठवड्यात दोरी उंच केली, चौकोन लांबट केला, तेव्हा चेंडू लांबवर कसा टाकायचा हे तिने स्वतःहून येऊन विचारले. त्या दिवशी शिकवलेली फेक ती विसरली नाही.

क्रिकेटचे वेड आमच्या गावांतही आहेच. २०१७-१८ साली विदर्भाने पहिल्यांदा रणजी करंडक जिंकल्यापासून ते वाढलेच. पण खेळाच्या तासाला क्रिकेट म्हणजे दोन-तीन मोठी मुले खेळणार आणि उरलेली मुले, विशेषतः मुली, उन्हात उभ्या राहणार. याच कुळात आपला विटीदांडू आहे. विटी कुठे मारावी म्हणजे झेल जाणार नाही, आणि समोर कसे पांगून उभे राहावे म्हणजे जागा मोकळी राहणार नाही, हा पेच दोन्हीकडे सारखा आहे. पाच-पाच जणांच्या टोळ्या करून लाकडी फळी आणि रबरी चेंडू दिला तरी तोच धडा मिळतो, आणि प्रत्येकाला खेळायला मिळते.

एका गोष्टीत मात्र मला ही विभागणी अपुरी वाटते. आपले सर्वांत जवळचे खेळ तिच्यात नीट बसत नाहीत. कबड्डीला ओढूनताणून आक्रमणाच्या गटात घालता येईल, पण खो-खोचे काय करायचे? आठ जण पाटीवर बसलेले, नववा धावणारा आणि समोर तिघांची तुकडी; इथे ना चेंडू आहे, ना गोल. लंगडी आणि आट्यापाट्या यांचेही तेच. म्हणून महाराष्ट्रात पाठलाग आणि हुलकावणीचे पाचवे कूळ मानले पाहिजे आणि शिकवण्याची सुरुवात तिथूनच केली पाहिजे, असे माझे ठाम मत आहे. त्याला साहित्य लागत नाही, नियम घरोघरी माहीत आहेत आणि ते पुढे उपयोगीही पडते. आट्यापाट्यांत पाटी अडवून उभ्या असलेल्या गड्याला एका बाजूची हूल देऊन दुसऱ्या बाजूने निसटणारे मूल हँडबॉलमध्ये बचावपटूला चकवायला फार लवकर शिकते, हे मी पाहिले आहे. लगोरी तर एकाच वेळी नेमाच्या आणि पाठलागाच्या दोन्ही कुळांत मोडते, म्हणून एकातून दुसऱ्यात जाण्यासाठी तिच्यासारखा खेळ नाही. ज्या अमरावतीत १९१४ साली हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाची स्थापना झाली आणि जिथल्या पथकाने १९३६ साली बर्लिनमध्ये आपल्या देशी खेळांची प्रात्यक्षिके केली, तिथून दोन-अडीच तासांवरच्या शाळांत हे खेळ केवळ स्पर्धेपुरते उरावेत याचे मला वाईट वाटते.

कुळांनुसार शिकवण्याचा आणखी एक फायदा आहे, आणि तो आमच्या हवामानाशी जोडलेला आहे. विदर्भात शाळा जूनच्या अखेरीस उघडते तेव्हा काळ्या मातीच्या मैदानात पाय रुततो. त्या दीड-दोन महिन्यांत व्हरांड्यात नेमाचे खेळ घेता येतात. दिवाळीनंतर जमीन घट्ट झाली की पाठलागाचे आणि आक्रमणाचे खेळ घ्यावेत. मार्चपासून शाळा सकाळची होते, तेव्हा खेळाचा तास पहिलाच ठेवून सावलीत दोरीवरचा खेळ घ्यावा. असे वर्षाचे नियोजन असेल, तर पाऊस आहे म्हणून किंवा ऊन आहे म्हणून तास बुडवायचे कारण उरत नाही.

हे सर्व करायला नवा निधी किंवा नवे पद लागत नाही. क्रीडाशिक्षक मिळाले तर हवेच आहेत; ती मागणी सोडावी असे मी म्हणत नाही. तोवर केंद्रस्तरावर, म्हणजे आसपासच्या शाळांच्या गटात, दर महिन्याला होणाऱ्या शिक्षण परिषदेतले एक सत्र वर्षातून तीनदा मैदानावर घ्यावे, आणि तिथे शिक्षकांनी स्वतः दोरी बांधून, चौकोन आखून एकेका कुळातला छोटा खेळ खेळावा, एवढी माझी शिक्षण विभागाला विनंती आहे. तसेच तालुकास्तरीय स्पर्धांच्या जोडीने प्रत्येक केंद्रात वर्षातून एक दिवस असा असावा, ज्यात निवडलेला संघ न उतरवता वर्गातली सगळी मुले उतरतील, आणि ती दोरीवरचा तो चार पावलांचा खेळ खेळतील.

आपला विश्वासू,
एक प्राथमिक शिक्षक,
ता. दारव्हा, जि. यवतमाळ